एका चुलीची पट्टी

आधी माफी मागते. माझं अक्षर म्हणजे कोंबडीने उकरलेली माती. ऱ्हस्व कुठे आणि दीर्घ कुठे हे मला चौथीतही कळत नव्हतं आणि चौथीनंतर शाळाच सुटली. हे कुणाला दाखवायचं नाही, तरी माफी मागते, कारण कागद कधी कुणाच्या हाताला लागेल सांगता येत नाही. मला चारचौघांत बोलता येत नाही. कुणी हाक मारली तर मी आधी पदर सारखा करते, मग ओ देते, तोवर हाक मारणारा पुढे गेलेला असतो. पण परवा मामांच्या ओटीवर जे पाहिलं ते लिहून ठेवायला हवं. नाहीतर उद्या मलाच वाटेल की असं काही झालंच नाही.

मी ज्यांच्या नर्सरीत कामाला जाते त्यांना सगळे मामा म्हणतात. कशेळ्याच्या पुढे, रस्त्याला लागून त्यांची जागा आहे. आम्ही बायका लाल माती आणि शेणखत कालवून काळ्या पिशव्या भरतो, मामा त्यांत कलमं लावतात आणि मुंबईचे फार्महाऊसवाले ती गाडीत घालून नेतात. नेतात म्हणजे मामांनी दिली तर. मामा प्रत्येकाला आधी विचारायचे, "लावणार कुठं? ऊन कुठून येतं? पाणी कोण घालणार?" एक बाई म्हणाली, माळी आहे. "माळ्याचं नाव काय?" तिला सांगता आलं नाही. मामांनी तिच्या गाडीतली सगळी रोपं परत काढून घेतली. म्हणाले, "ज्याच्या जिवावर झाड देयाचं, त्याचं नाव बी तुमाला ठावं नाय. जावा." अशाने धंदा कसा चालला ते देव जाणे, पण चालला.

मामांची मिशी. ती आधी सांगायला हवी होती. आमच्या पंचक्रोशीत तशी मिशी नव्हती. दोन्ही टोकं वर वळलेली, रोज सकाळी खोबरेल लावलेली. उन्हाळ्यातही डोक्याला लोकरीची टोपी, आणि टोपीखाली ही मिशी. या मिशीने गावाची मोठी अडचण केली होती. गावाला त्यांना बायल्या म्हणायचं असायचं आणि समोर ती मिशी यायची. मग लोक ते गेल्यावर म्हणायचे.

का म्हणायचे ते मला बरेच दिवस माहीत नव्हतं. त्या घरात आणखी एक पुरुष राहायचा. त्याला आम्ही भाऊ म्हणायचो. भाऊ खोपोलीला कारखान्यात होते, पाळी संपली की सरळ इथे यायचे. मला वाटलं, मामांचे सख्खे भाऊ असतील. एकदा मामांनी मला कात्री आणायला आत पाठवलं. आत एकच पलंग. एक मच्छरदाणी. दोन उशा, दोन्हींना एकाच कापडाचे अभ्रे. मी कात्री न घेताच बाहेर आले. मामांनी माझ्याकडे बघितलं, स्वतः आत जाऊन कात्री आणली आणि नेहमीप्रमाणे आम्हा बायकांना आधी बसवून हातात चहा दिला. मला तो चहा गिळवेना. पुढे गिळला. त्या हातचा चहा नेहमीसारखाच होता.

घरी सासूबाईंना विचारलं तर त्या भडकल्या. "तुला आत्ता कळलं गं? सगळ्या गावाला ठावं हाय. मेले दोघं नवरा-बायकोवानी ऱ्हातात. कामाला जा, पैसे आण, पन त्या घरात पान्याचा थेंब घेशील तर बघ." मी चहाचं कधीच सांगितलं नाही.

भाऊ तिथे कसे आले, ते मामा कुणीही न विचारता सांगायचे. गिऱ्हाइकालासुद्धा. "ह्यो सोनचाफ्याचं रोप न्यायला आला. आठ दिवसांनी परत, म्हने मेलं. दुसरं दिलं. परत आला, म्हने ते बी मेलं. असं करत करत माझी सोनचाफ्याची वळ संपवली. शेवटी म्हटलं, बाबा, तू हितंच ऱ्हा नि बघ कसं जगतं ते." भाऊ खाली मान घालून पिशव्यांना भोकं पाडत असायचे. एकदा हळूच म्हणाले, "मेलं एकच होतं. बाकीची कारखान्याच्या कुंपणाला लावलीत. फुलतात अजून." मामा एवढे चकित झाले की त्यांनी हातातली झारी उलटी केली. त्यांना ते तेव्हाच कळलं. इतक्या वर्षांनी!

आता पट्टीचं सांगते. आमच्या गावात गावदेवीच्या जत्रेला गावकी पट्टी काढते, म्हणजे वर्गणी. माणशी नाही, चुलीमागे. भाऊ-भाऊ एकत्र जेवत असतील तर पट्टी एक. भांडून दोन चुली मांडल्या की पट्ट्या दोन. आणि नुसते पैसे नसतात ते. जितक्या पट्ट्या तितके नारळ, पालखी तितक्या दारांत थांबते, कुणाकडे काही बरंवाईट झालं तर गाव त्या चुलीला धरून उभं राहतं. पट्टीवरूनच गाव तुम्हाला ओळखतं.

मामांच्या घरावर गावकीने दोन पट्ट्या लावल्या. थोरले पंच म्हणाले, "रक्ताचं नातं नाय, लग्नाचं नाय. दोन सुटे गडी हायत. दोन चुली धरायच्या."

मामा म्हणाले, "घरात येऊन बघा. चूल एक हाय."

"आमी कशाला तुझ्या घरात येतोय?" पंच म्हणाले आणि सगळे हसले.

त्या वर्षीपासून मामांनी एक रीत धरली. गावकीपुढे जायचं, ताटात पट्टीचे पैसे ठेवायचे आणि म्हणायचं, "ही आमच्या चुलीची पट्टी." मग तेवढेच पैसे दुसऱ्या खिशातून काढून बाजूला ठेवायचे, "आनी हे उसने. परत घेईन." दर वर्षी तेच शब्द, त्याच आवाजात. गावाला ती गंमत झाली. पोरं मामांच्या मागे ओरडायची, "मामा, उसने कधी घेनार?" मामा मागे न वळता सांगायचे, "घेईन, घेईन. तू मोठा हो."

एका सकाळी आम्ही पिशव्या भरत होतो आणि भाऊ पेपर वाचून दाखवत होते. दिल्लीच्या मोठ्या कोर्टाने सांगितलं होतं की दोन पुरुष असे एकमेकांचे होऊन राहिले तर तो गुन्हा नाही. माझा हात मातीतच थांबला. गुन्हा नाही म्हणजे काय? म्हणजे कालपर्यंत होता? चोरी करतात तसा? पोलीस येऊन बेड्या घालतात तसा? मी ज्यांच्या हातचा चहा पीत होते, आजारी पडले तेव्हा ज्यांनी पगार कापला नाही, त्यांना सरकार उचलून नेऊ शकत होतं, आणि हे मला कुणी सांगितलंच नव्हतं. गावातली घाण बोलणी मी ऐकली होती, पण गाव बोलतं आणि विसरतं. कायद्यात लिहिलेलं होतं हे ऐकून मी हादरले.

मामांनाही ते नीट ठाऊक नव्हतं बहुतेक. ते म्हणाले, "म्हंजे आपन काल रातीपर्यंत चोर होतो व्हय रं?"

"चोर नाय. गुन्हेगार."

मामांनी विचार केला. "म्हंजे गावकी देवीसाठी गुन्हेगाराकडनं डबल पट्टी घेत होती. बरं चाललं होतं की त्यांचं."

त्या जत्रेला मामा गावकीपुढे म्हणाले, "कोर्टानं सोडलं. तुमी कदी सोडनार?" पंच म्हणाले, "कोर्ट दिल्लीत. चुली हितं." परत दोन पट्ट्या. परत, "हे उसने."

आणखी काही वर्षांनी भाऊंनी दुसरी बातमी वाचली, की अशांचं लग्न लावून देणं कोर्टाच्या हातात नाही. भाऊ त्या दिवशी जेवले नाहीत. मामा म्हणाले, "मला कुठं मुंडावळ्या बांधायच्या हायत? टोपीवर बसत बी नाय त्या. मला पट्टी एक पायजे."

गावचा खजिनदार तरुण पोरगा आहे, टेंपो चालवतो, आमचीच रोपं मुंबईला पोचवतो. त्याने मामांना मोबाईलवर दाखवलं, मुंबईत अशी माणसं रंगीत झेंडे घेऊन रस्त्याने नाचत जातात. मामांनी पूर्ण बघितलं. म्हणाले, "रंग चांगले हायत. झेंडा नको मला. एका पट्टीची पावती दे." पोरगा म्हणाला, "माझ्या हातात अस्तं तर दिली अस्ती, मामा." ते ऐकूनही मी चमकले होते. त्याचा बाप मामांच्या दारावरून जाताना थुंकायचा.

मग भाऊंची आई आली. खालापूरकडे भाऊंच्या थोरल्या भावांकडे होती. डोळ्यांनी दिसेनासं झालं, काम होईना, तशी त्यांनी तिला जीपमध्ये बसवून एका पत्र्याच्या पेटीसकट मामांच्या गेटाशी उतरवलं. म्हातारी तिखट. पहिल्याच दिवशी म्हणाली, "ह्या मिशीवाल्याच्या हातचं मी खानार नाय." पेटीतून स्टो काढला आणि ओटीवर स्वतःचा भात स्वतः शिजवायला लागली. मामांची झोप उडाली. तिच्या न जेवण्याचं दुःख नव्हतं त्यांना. ते स्टोपुढे आडोशाला गोणपाट धरून उभे राहायचे. "म्हातारे, आत घे तो. गावकीनं बघितला तर तिसरी पट्टी लावतील!"

ती आंधळेपणाने हात भाजून घ्यायची, मामा कोरफड लावायचे. लावताना ती शिव्या द्यायची. असा एक पावसाळा गेला. एक दिवस मी गेले तर स्टो माळ्यावर. म्हातारी आत चुलीपुढे पाटावर बसून मामांच्या हातची सुकटीची चटणी खात होती. माझी चाहूल लागल्यावर म्हणाली, "काय बघतेस गं? थोरल्या सुनंच्या हाताला चव नव्हती. ह्याच्या हाय." मामा दारात पाठमोरे उभे होते. मिशी पुसत होते की डोळे ते मला दिसलं नाही.

पुढे ती मामांना हाक मारताना भाऊंचं नाव घ्यायची आणि भाऊंना हाक मारताना मामांचं. दोघांपैकी जो मोकळा असेल तो जायचा.

म्हातारी गेली ती पहाटे, मामांच्या मांडीवर. थोरले मुलगे आले, नदीवर सगळं उरकलं आणि आम्ही आमच्या घरी सुतक पाळू म्हणून निघून गेले. इथे भाऊ आणि मामा राहिले.

आमच्या गावात ज्या घरात माणूस जातं तिथे दहाव्यापर्यंत चूल पेटत नाही. गावातल्या घरांतून पाळीने जेवण जातं. भांडण असो, कोर्टकचेरी असो, जेवण चुकत नाही. पहिल्या दिवशी मामांच्या घरी कुणाचंच जेवण आलं नाही. मला वाटलं, पाळी लावायची राहिली असेल. दुसऱ्या दिवशी थोरले पंच गेटापर्यंत आले. आत नाही आले. आम्ही बायका तिथेच होतो.

पंच मामांना म्हणाले, "तुझी पट्टी येगळी, तुझी चूल येगळी. म्हातारी ह्याची आई, सुतक ह्याला. तुला काय नाय. तू रांध नि ह्याला घाल. गावानं कशाला जेवन पाठवायचं?"

मामा म्हणाले, "ती ज्या चुलीवर जेवली त्या चुलीत मी दहाव्याच्या आदी इस्तू घालनार नाय."

"मग उपाशी ऱ्हा."

मी हे माझ्या कानांनी ऐकलं. तो माणूस वाईट नाही हो. माझ्या लग्नात त्यानेच मांडव घातला होता. पोरांना खाऊ देणारा माणूस. तो मेलेल्याच्या दारात उभा राहून म्हणाला, उपाशी ऱ्हा. आणि आत गुन्ह्यासारखं काही नव्हतं. दोन म्हातारे होते, भिंतीला टेकून बसलेले. एक आपल्या आईसाठी आणि दुसराही आपल्या आईसाठी.

ते केळी खाऊन राहिले. तिसऱ्या दिवशी भाऊंना चक्कर आली. मी घरी आले ती अंगणातच बसले. सासूबाई तांदूळ पाखडत होत्या. म्हणाल्या, "काय झालं गं? भूत बघितलंस काय?"

मी कधी नव्हे ते सगळं सांगितलं. सूप थांबलं.

"म्हातारी शेवटी कुठं जेवत होती?"

"त्यांच्याच चुलीवर, आत्याबाई. स्टो कधीच माळ्यावर ठेवला होता."

"रांधत कोन होतं?"

"मामा."

"ह्यो मिशीवाला?"

"हो. भरवत पण होते."

सासूबाई उठल्या, पीठ घेतलं आणि भाकऱ्या थापायला लागल्या. मला कळेना. मी विचारलं, एवढ्या कुणाला? त्या खेकसल्या, "मढं झालेल्या घरला. दोन चुलींवर जेवलेली म्हातारी असती तर मी नस्ते गेले. एका चुलीवर जेवली ना ती? मग?"

भाकऱ्या, वालाचं कालवण, सगळं टोपलीत घालून, टोपली डोक्यावर घेऊन त्या भर दुपारी गावाच्या मधल्या वाटेने निघाल्या. देवळाच्या कट्ट्यावरून जायची काही गरज नव्हती. मुद्दाम तिथून गेल्या. मी मागे, तोंड पदरात. कट्ट्यावर पंच आणि चारजण होते.

"म्हातारे, कुठं निघालीस?" पंचांनी विचारलं.

"मयताच्या घरी. तुझी आय मेली तेवा बी मीच पयली गेलते. तेवा कुठं इचारलंस रं, कुठं निघालीस?"

आणि टोपली सावरून पुढे चालायला लागल्या.

ज्या घरात मला पाण्याचा थेंब घ्यायला बंदी होती, त्या घरात सासूबाई चप्पल काढून सरळ आत गेल्या. दोघांच्या पुढ्यात भाकरी मोडली. मामा हात पुढे करेनात. "खा रं मेल्या," त्या म्हणाल्या, "तुझी बी आयच होती." मामा खाली बघून खात होते आणि भाकरी ओली होत होती. मी दाराच्या चौकटीला धरून उभी होते.

दुसऱ्या दिवशी खजिनदाराच्या घरचं जेवण आलं. मग आणखी एकाचं. शेवटी शेवटी तर आमची पाळी का चुकवली म्हणून दोन बायका नर्सरीच्या गेटाशी भांडल्या.

दहाव्याला नवरा नदीवर गेला होता, त्याने येऊन सांगितलं ते मला खरं वाटलं नाही. मी गेले. मामांच्या गेटात एक अनोळखी म्हातारा उभा होता. उघडं डोकं, गुळगुळीत तोंड, वरचा ओठ पांढराफटक, कधी ऊन न लागलेला. मी विचारलं, "मामा आहेत का?" तो म्हातारा म्हणाला, "मीच गं बाय."

नदीवर भाऊंचं मुंडण झाल्यावर मामा जाऊन न्हाव्यापुढे बसले होते. न्हावी घाबरला. "मामा, तुमची पन? मिशी?" मामा म्हणाले, "आई गेली माझी. उतरव." थोरल्या मुलांनी तोंडं फिरवली. पण माझा नवरा म्हणाला, पंचांनी टोपी काढली. का काढली ते त्यांनाच माहीत.

त्या वर्षीच्या जत्रेची बैठक झाली. बायका गावकीत बसत नाहीत, पण देवळाच्या मागच्या बाजूला उभ्या राहतात. खजिनदार उठला आणि म्हणाला, "गावानं जेवन एका चुलीचं पाठवलं. आता पट्टी दोन चुलींची कशी घेयाची? एक कायतरी खोटं होईल." पंच जमिनीकडे बघत म्हणाले, "एक लाव."

मला वाटलं, संपलं. मामा हात जोडतील आणि घरी जातील. मामा उभे राहिले. मिशीची खुंटं नुकती दिसायला लागली होती. "आनी उसने?"

बैठकीत एकदम आवाज झाला. इतकी वर्षं सगळ्यांनी ती गंमत समजली होती. मीसुद्धा. एकजण ओरडला, "देवीचे पैसे परत मागतोस, लाज नाय वाटत?"

"देवीनं नाय घेतले. तुमी घेतले. मी उसने म्हनून दिले, पोराटोरांनी ऐकलंय." मग आवाज खाली आणून म्हणाले, "ह्या दोन पट्ट्यांपायी म्हातारी उपाशी मारली अस्ती तुमी आमची. ती गेली होती म्हनून वाचली. परत द्या. म्हंजे मागली सगळी वर्षं बी एकच चूल होती, हे मानावं लागल गावाला."

कुणी हसलं नाही. गावकीकडे एकदम तेवढे पैसे नव्हते. ठरलं की दर जत्रेनंतर उरतील त्यातून फेडायचे.

आणि फेडले. मला हेच खरं वाटत नाही. मी समजत होते की दोन जत्रांत विसरतील. खजिनदार दर वेळी टेंपो थांबवून द्यायचा आणि म्हणायचा, "मामा, मी मोठा झालो."

परवा शेवटचे राहिलेले पैसे घेऊन खजिनदार आला नाही. थोरले पंच आले. आता काठी टेकत चालतात. गेटाशी थांबले, मग गेट ढकललं आणि ओटीवर येऊन बसले. आम्ही बायकांनी पिशव्या भरायचं सोडून दिलं. पंचांनी रुमालातून नोटा काढून मामांपुढे ठेवल्या. मामांनी हात लावला नाही. आत हाक मारली, "अरं, बाहेर ये. मोजून घे."

भाऊ आले, चष्मा लावला, सावकाश मोजल्या. तेवढा वेळ पंच घराच्या आत बघत होते. दारातून चूल दिसते. पहिल्यांदाच बघत असणार.

"चहा घेनार का?" मामांनी विचारलं.

मला वाटलं, आता काठी उचलतील.

"घेतो," पंच म्हणाले. "साखर कमी."

भाऊंनी नोटा परत एकावर एक लावल्या. "बरोबर हायत," ते म्हणाले. "सगळे फिटले." आणि चुलीवर आधण ठेवायला आत गेले.